धागा: बाकुरोचो, पाण्यात दाबून धरलेलं स्टेशन

कोजागिरी

गेली नऊ वर्षं मी टोकियोत सकाळी फुनाबोरीहून शिंजुकू लाइन पकडते, बाकुरो-योकोयामाला उतरते, जमिनीखालच्या वाटेने जेआरच्या (जपान रेल्वेच्या) बाकुरोचो स्टेशनात शिरते आणि तिथून सोबू लाइनच्या जलद गाडीने शिनागावाला ऑफिस गाठते. टोकियोतल्या स्टेशनांविषयी लिहायचं म्हटलं की लोक शिंजुकूवर लिहितात, शिबुयावर लिहितात, टोकियो स्टेशनच्या लाल विटांच्या इमारतीवर लिहितात. बाकुरोचो बघायला म्हणून कुणी येत नाही. एक फलाट, त्याच्या दोन बाजूंना दोन रूळ, एवढंच ते. तरी माझा या स्टेशनावर जीव आहे. का, ते सांगावं म्हणून हा धागा काढला.

आधी जागा समजून घ्या. इथे पाचशे-सहाशे पावलांत तीन स्टेशनं आहेत आणि तिघांची नावं वेगळी: जेआरचं बाकुरोचो, शिंजुकू लाइनचं बाकुरो-योकोयामा, आसाकुसा लाइनचं हिगाशी-निहोम्बाशी. जमिनीखालून तिन्ही जोडलेली आहेत. नकाशा बघणाऱ्या नव्या माणसाला या तीन वेगळ्या जागा वाटतात. माझे सासरे आले होते तेव्हा ते हिगाशी-निहोम्बाशीच्या फलाटावर उभे राहून मला फोनवर सांगत होते की मी बाकुरोचोला पोचलोच नाही, आणि मी त्यांच्यापासून दोन जिन्यांवर उभी होते.

बाकुरो म्हणजे घोड्यांचा व्यापारी. एदो काळात, म्हणजे सतराव्या ते एकोणिसाव्या शतकात, या भागात घोड्यांचा बाजार होता, त्यावरून हे नाव. घोडे गेले, पण बाजार राहिला. आता वर योकोयामाचोची कपड्यांची घाऊक पेठ आहे: टॉवेल, मोजे, एप्रन, टोप्या, पिशव्या. बऱ्याच दुकानांच्या दारावर 'किरकोळ विक्री नाही' अशी पाटी असते. मुंबईच्या मंगळदास मार्केटच्या गल्ल्यांत वाढलेल्या माणसाला इथे परकं वाटत नाही, फक्त आवाज कमी.

आता खाली उतरा. एक सरकता जिना, दुसरा सरकता जिना, वळण, परत जिना. बाकुरोचोचा रूळ समुद्रसपाटीच्या तीस मीटरहून जास्त खाली आहे. जेआर पूर्व कंपनीच्या स्टेशनांत समुद्रसपाटीपासून मोजलं तर हे सगळ्यांत खालचं. एवढं खोल का, तर पलीकडे सुमिदा नदी आहे. बाकुरोचो सोडलं की गाडी नदीच्या तळाखालून जाते, र्‍योगोकुजवळ वर चढायला लागते आणि किन्शिचोला उजेडात येते. शिवाय हा बोगदा खणायला घेतला तेव्हा आसाकुसा लाइनसारखे आधीचे भुयारी मार्ग वर होतेच. त्यांच्याही खालून जायचं होतं.

स्टेशन उघडलं १५ जुलै १९७२ला, टोकियो ते किन्शिचो हा भुयारी तुकडा सुरू झाला त्याच दिवशी. त्याआधी चिबाकडून येणारी सगळी गर्दी पिवळ्या गाड्यांत कोंबून ओचानोमिझूकडे जायची. साठच्या दशकात टोकियोत गाडीत माणसं ढकलून बसवायला माणसं ठेवलेली असत, ते फोटो तुम्ही पाहिले असतील. त्यावर तेव्हाच्या जपानी राष्ट्रीय रेल्वेने पाच दिशांच्या पाच मार्गांवर रुळांची संख्या वाढवायचं ठरवलं: तोकाइदो, चुओ, तोहोकू, जोबान आणि सोबू. या कामाला त्यांनी चक्क 'पाच दिशांची मोहीम' असं लष्करी नाव दिलं होतं. बाकुरोचो हे त्या मोहिमेचं मूल.

मी हे सगळं वाचायला लागले ते एका नळीमुळे. फलाटाच्या शेवटाकडे मी जिथे उभी राहते तिथे समोरच्या भिंतीवर वरून खालपर्यंत तांबूस-तपकिरी ओघळ आहेत. त्यातल्या एका ठिकाणी जाड प्लास्टिकचा तुकडा नरसाळ्यासारखा बांधला होता आणि त्याच्या टोकाला करंगळीएवढी पारदर्शक नळी जोडून ती खालच्या गटारात सोडली होती. नळीतून पाणी थेंबाथेंबाने जात होतं. पाऊस नव्हता, जानेवारी होता, आठवडाभर आभाळात ढग नव्हता. गाडी आली की वाऱ्याने नळी हलायची आणि थेंब नळीच्या काठाला चिकटून राहायचे, गाडी गेली की परत सुरू. मी रोज त्या नळीकडे बघायला लागले. काही दिवसांनी नळी बदललेली दिसली. नवी नळी, नवी चिकटपट्टी, त्यावर पेनाने तारीख.

म्हणजे कुणीतरी त्या नळीकडे रोज बघत होतं.

मग एकदा उशीर झाला, शेवटच्या गाडीच्या आधीची गाडी मिळाली. फलाटाच्या टोकाला सात-आठ माणसं हेल्मेट घालून, कपाळावर दिवे लावून शांत उभी होती. त्यांच्या हातात लांब दांड्याच्या छोट्या हातोड्या होत्या. ऑफिसातल्या सहकाऱ्याने नंतर सांगितलं: शेवटची गाडी गेली की ही माणसं बोगद्यात उतरतात आणि भिंत हातोडीने वाजवत जातात. भरीव काँक्रीट टण्ण वाजतं, आतून सुटलेलं असेल तर आवाज बद्द येतो. माठ घेताना माझी आई बोटाचं पेर वाजवून बघायची, तेच. किलोमीटरच्या किलोमीटर बोगदा, पहाटेच्या पहिल्या गाडीच्या आत, कानाने तपासायचा.

इथे कुणी बांधकामातलं असेल तर विचारायचंय: हे पाणी येतं कुठून, आणि एवढं का?

नाना_रिटायर्ड

कोजागिरीताई, फार चांगला विषय. माझी पस्तीस वर्षं बांधकामात गेली, त्यातली शेवटची मुंबईत जमिनीखालच्या कामांवर. म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

तुम्ही म्हणता ते पाणी पावसाचं नाही, भूजल आहे. टोकियोच्या पूर्व भागाची गोष्ट उलटी आहे. युद्धाच्या आधीपासून आणि नंतर जोरात, तिथल्या कारखान्यांनी जमिनीतलं पाणी बेसुमार उपसलं. भूजल खाली गेलं आणि त्याबरोबर मऊ माती दबली. कोतो भागात काही ठिकाणी जमीन चार मीटरहून जास्त खचली. आजही तिथला मोठा पट्टा भरतीच्या पातळीखाली आहे. मग १९५६ आणि १९६२ साली उपशावर बंधनं घालणारे कायदे आले. त्या मातीतून नैसर्गिक वायूही काढत असत, त्याचे हक्क महानगर सरकारने १९७२ साली विकत घेऊन तो उपसा बंद केला. तुमचं स्टेशन उघडलं तेच साल.

उपसा थांबल्यावर जमीन खचायची थांबली, आणि पाणी परत वर यायला लागलं. पण तोवर माणसांनी खाली स्टेशनं बांधून ठेवली होती. सोबू लाइनचं टोकियोचं भुयारी स्टेशन पाच मजले खाली, सुमारे २७ मीटरवर आहे. ते बांधलं तेव्हा भूजल त्याच्याही खाली होतं. नव्वदच्या दशकात ते फलाटाच्या बरंच वर आलेलं होतं.

आता स्टेशन म्हणजे काय? काँक्रीटची रिकामी पेटी. आमच्या गावाकडे विहिरीत पोहायला शिकवताना पाठीला पत्र्याचा रिकामा डबा बांधत. तो डबा हाताने पाण्यात दाबून बघा, किती जोराने वर येतो. स्टेशनाचंही तसंच आहे. चारी बाजूंनी पाणी चढलं की ते स्टेशनाला खालून वर ढकलतं. आम्ही त्याला अपलिफ्ट म्हणतो. वरच्या मातीचं आणि स्टेशनाचं स्वतःचं वजन पुरेसं असेल तर ठीक. नसेल तर स्टेशन उचललं जातं.

हे नुसतं गणित नाही. १९९१च्या ऑक्टोबरात टोकियोच्या पश्चिमेला मुसाशिनो लाइनवरचं शिन-कोदाइरा स्टेशन खरंच उचललं गेलं. खूप पाऊस झाला होता, भूजल चढलं, आणि दोन बोगद्यांच्या मधल्या त्या खोलगट स्टेशनाचा तळ एक मीटरहून जास्त वर आला. भेगांतून पाणी घुसलं. दोन महिने तिथली वाहतूक बंद होती.

त्यानंतर सगळे जागे झाले. उएनोचं शिंकान्सेनचं, म्हणजे बुलेट ट्रेनचं, भुयारी स्टेशन १९८५ साली उघडलेलं. तिथे खालच्या मजल्यावर हजारो टन लोखंड नुसतं वजन म्हणून रचून ठेवलं. पुढे तेही पुरेसं वाटेना, म्हणून तळातून खाली घट्ट थरापर्यंत पोलादी अँकर उतरवून स्टेशन जखडलं. टोकियोच्या भुयारी स्टेशनालाही असेच शंभराहून जास्त अँकर मारलेत. तंबूच्या खुंट्या असतात ना, तशा. तंबू वाऱ्याने उडू नये म्हणून, हे पाण्याने तरंगू नये म्हणून.

तुमच्या भिंतीवरच्या तांबूस ओघळांविषयी एक सांगतो. ती खाडीकाठची जमीन आहे, झिरपणाऱ्या पाण्यात मीठ असतं. मीठ सळया खातं, रूळ खातं. त्यामुळे तिथे नळी लावून पाणी बाजूला काढणं ही मलमपट्टी नाही, खरं काम आहे. पाणी पूर्ण अडवायला गेलात तर ते दुसरीकडून दाब देतं. त्याला वाट काढून द्यायची आणि त्या वाटेवर लक्ष ठेवायचं.

सायलीची_आई

नाना, वाचून अंगावर काटा आला. आम्ही निशी-कासाइला राहतो, मुलगी दुसरीत आहे, आणि तिच्या शाळेत दर महिन्याला भूकंपाची कवायत असते. मला एक सांगा, भूकंप आला तेव्हा आपण अशा तीस मीटर खालच्या फलाटावर असलो तर?

नाना_रिटायर्ड

सायलीच्या आई, तुमची काळजी खरी आहे, म्हणून गुळगुळीत उत्तर देत नाही.

जमिनीखालचं बांधकाम मातीबरोबर हलतं, वरच्या इमारतीसारखं झोके खात नाही. त्यामुळे सहसा खाली कमी जाणवतं. पण 'भुयारी स्टेशन भूकंपात पडत नाही' हा समज १७ जानेवारी १९९५ला कोबेत मोडला. तिथलं दाइकाइ नावाचं भुयारी स्टेशन कोसळलं. मधल्या रांगेतले तीसहून जास्त खांब चिरडले गेले, छत खाली आलं आणि वरचा रस्ता अडीच मीटरपर्यंत खचला. ते साठच्या दशकात बांधलेलं, आणि खांबांत आडव्या कड्या फार विरळ होत्या. खांबाला वजन पेलायला शिकवलं होतं, आडवा धक्का सोसायला नाही. सात महिन्यांत, ऑगस्टमध्ये, तिथून गाड्या परत धावायला लागल्या, पण स्टेशन उघडलं ते १९९६च्या जानेवारीत. त्यानंतर जपानभर जुन्या स्टेशनांच्या खांबांना पोलादी पत्र्याचं वेष्टन घालायचं काम झालं. फलाटावरचा एखादा खांब गुळगुळीत, रंगवलेल्या पिंपासारखा दिसला तर मुलीला दाखवा. ते चिलखत आहे.

पंधरा_डबा

नाना आणि कोजागिरी, दोघांचेही आभार. मी गाड्यांचा माणूस, त्यामुळे रुळांवर काय धावतं तेवढं लिहितो. बाकुरोचोचा फलाट तीनशे मीटरच्या वर लांब आहे, कारण गाडी पंधरा डब्यांची. अकरा डब्यांचा एक संच आणि चार डब्यांचा दुसरा, जोडून. मधे दोन दुमजली ग्रीन डबे, जादा भाडं देऊन बसायचे. १९८०च्या ऑक्टोबरपासून हीच गाडी टोकियोच्या पुढे योकोसुका लाइनवर जाते, म्हणून चिबाकडून निघालेला माणूस न उतरता कामाकुराला पोचतो.

या भुयारासाठी ११३ मालिकेचे खास डबे बनवले, आगीचे नियम कडक करून. नंतर १९९४मध्ये ई२१७ आल्या, निळ्या आणि क्रीम पट्ट्यांच्या. २०२०च्या डिसेंबरपासून ई२३५ यायला लागल्या आणि ई२१७ आता निवृत्त झाल्या. कोजागिरी, तुमच्या नऊ वर्षांत तुम्ही दोन्हींत बसला असाल. फरक जाणवला का?

कोजागिरी

जाणवला की. जुन्या गाडीत शेवटच्या काही डब्यांत समोरासमोरची बाकं होती, आपल्या मेल-एक्सप्रेससारखी. रात्री परतताना तिथे एक आजी रोज बसायच्या, मांडीवर कपड्याचं गाठोडं घेऊन. पेठेत त्यांचं दुकान असावं. नव्या गाडीत सगळी बाकं खिडकीला पाठ करून. गाडी स्वच्छ आहे, उजेड छान आहे, पण त्या आजींना मी नंतर पाहिलं नाही.

नाना, तुम्ही जे लिहिलंत ते मी दोनदा वाचलं. आज सकाळी फलाटावर उभी राहिले तेव्हा पायाखाली काय आहे ते पहिल्यांदाच मनात आलं.

ओसाकाकर

आमच्या ओसाकाचं पण घ्या. मी किताशिन्ची वापरतो, जेआर तोझाइ लाइनवर, ८ मार्च १९९७ला उघडलेलं. शहराच्या मधोमध जमिनीखालून जाणारा मार्ग. उमेदाच्या भुयारी बाजारपेठेतून चालत जाता येतं, पावसाळ्यात छत्री न उघडता. मात्र त्या बाजारपेठेत वाट चुकणं ओसाकातल्या माणसालाही सुटलेलं नाही. मी खांबांवरच्या बाणांऐवजी दुकानांच्या वासावर चालतो: कॉफी, मग ताकोयाकी, मग फुलवाला, मग गेट.

२०२३च्या मार्चमध्ये ओसाका स्टेशनाला नवे भुयारी फलाट जोडले. तिथल्या एका फलाटावर जमिनीपासून छतापर्यंत काचेची भिंत आहे आणि येणाऱ्या गाडीचे दरवाजे जिथे असतील तिथे त्या भिंतीतली दारं सरकून जातात. वेगवेगळ्या लांबीच्या गाड्या येतात म्हणून. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी माझी गाडी सोडली आणि पुढची येईपर्यंत तिथेच उभा राहिलो.

उंबरठा

मला एक टोचतंय ते लिहितो. २०२५च्या मे महिन्यात मुंबईत एका नव्या भुयारी स्टेशनात पाणी शिरलं. मी त्याच मार्गाने कामाला जातो. जपानकडून कर्ज घेतलं, यंत्रं आणली, पण ही नळीवरची तारीख आपण आणली का? मुंबई तर भराव घालून केलेली, पाणी सगळीकडून.

नाना_रिटायर्ड

उंबरठा, तुमचा राग मला कळतो. पण ती दोन वेगळी पाणी आहेत. कोजागिरीताईंचं पाणी भिंतीतून झिरपतं, मुंबईत त्या दिवशी आलं ते रस्त्यावरून, काम चालू असलेल्या प्रवेशाच्या बाजूने. त्याला उपाय दारात असतो. आणि मेट्रो तीनच्या बोगद्यांत कातळ फोडत ज्या पोरांनी काम केलंय ती मी जवळून पाहिलीत. कामात कमी नव्हती. पण तुमचं एक शंभर टक्के बरोबर: उद्घाटनानंतर हातोडी घेऊन रात्री उतरणारी टोळी पन्नास वर्षं पगारावर ठेवणं, हे बांधण्याइतकंच मोठं काम आहे. त्याचा पैसा पहिल्या दिवसापासून बाजूला काढावा लागतो.

कोजागिरी

दारावरून आठवलं. इकडच्या सखल भागात काही भुयारी स्टेशनांत शिरताना आधी दोन-तीन पायऱ्या वर चढायच्या असतात आणि मग जिना खाली जातो. मला पहिल्या वर्षी हे वेडगळ वाटायचं, बाबागाडी घेऊन तर फारच. तो उंबरा पुराच्या पाण्यासाठी आहे. दाराच्या दोन्ही चौकटींत उभ्या खाचा असतात आणि बाजूच्या कपाटात ॲल्युमिनियमच्या फळ्या. वादळ येणार असेल तर फळ्या खाचेत बसवतात. आपल्याकडे शेताच्या पाटाला फळी घालून पाणी अडवतात, अगदी तसंच. २०१९च्या ऑक्टोबरात मोठं तुफान आलं तेव्हा आदल्या दिवशीच गाड्या बंद ठेवणार असं जाहीर झालं होतं.

खाडीपलीकडे

मी दापोलीचा, रेल्वेशी माझा संबंध दादरला उतरण्यापुरता. पण एक विचारतो. हे जे पाणी उपसतात, ते टाकतात कुठे? एवढं पाणी वाया?

कोजागिरी

खाडीपलीकडे, तुमच्या प्रश्नाने माझा रविवार कारणी लागला.

आधी ते सांडपाण्याच्या गटारात जायचं आणि रेल्वे त्याचे पैसे भरायची. दक्षिणेला शिनागावा भागात ताचिआइगावा नावाची छोटी नदी आहे. तिला पाणीच उरलं नव्हतं, घाण वास यायचा. मग टोकियो स्टेशनच्या बाजूचं बोगद्यातलं पाणी नळाने त्या नदीत न्यायचं ठरलं. नळ बोगद्यातूनच नेला, साधारण बारा किलोमीटर, आणि २००२ साली पाणी सुटलं. पुढच्याच वर्षी समुद्रातून मासे नदीत चढले, इतके की पूल लोकांनी भरून गेले. बोरा म्हणतात त्या माशाला. उएनोच्या स्टेशनाचं पाणी तसंच शिनोबाझू तळ्यात सोडतात, कमळं असतात ते तळं.

खाडीपलीकडे

फोटो शोधून बघितला. अहो ताई, बोरा म्हणजे आपली बोईट! गोव्याकडे शेवटो म्हणतात. भरतीबरोबर खाडीत चढते, गोड्या पाण्याच्या तोंडाशी थव्याने येते. पाणी सडलं असेल तर ती येत नाही. तिथे बोईट आली म्हणजे पाणी जिवंत झालं.

नाना_रिटायर्ड

हे मला माहीत नव्हतं. पस्तीस वर्षं आम्ही उपसलेलं पाणी जवळच्या गटारात सोडत आलो.

कोजागिरी

आज जाऊन आले. केइक्यू लाइनच्या ताचिआइगावा स्टेशनाला उतरले, जवळच्या बागेत साकामोतो र्‍योमा या सामुराईचा तरुणपणीचा पुतळा आहे, तिथून दोन मिनिटं. नदी म्हणजे दोन काँक्रीटच्या भिंतींमधला पाट, दोन्ही बाजूंना घरांच्या मागच्या गॅलऱ्या, वाळत घातलेले कपडे. पाणी संथ, हिरवट, वास नाही. ओहोटी होती. पुलावर एक आजोबा नातवाला घेऊन उभे होते. मी बोरा दिसतात का विचारलं. म्हणाले, आत्ता नाही, पाणी चढलं की ये. नातवाने हाताने दाखवलं, एवढा मोठा.

खाडीपलीकडे, तुम्ही भरतीचं म्हणालात तेच. वेळापत्रक बघून ठेवलंय, पुढच्या रविवारी दुपारी तीनच्या सुमारास भरती आहे. सायलीच्या आई, निशी-कासाइहून येताय का? सायलीला घेऊन या. येताना बाकुरोचोवरून येऊ, ती नळी तिला दाखवते.

सायलीची_आई

येतो. तिने आत्ताच विचारलं, नळीतलं पाणी आधी पोचेल की आपण.